पेटीखाली जरा ओलं

क्वेर्ना ओढ्यावरचा पूल बंद केल्याचं मला सप्टेंबरात दुकानात कळलं, दूध घेताना. पूल मी बांधलेला. आमच्या पायवाट मंडळाचा पूलप्रमुख मी, बावीस वर्षं. आणि बातमी सांगते कोण, तर गल्ल्यावरची पोरगी. दूध तिथंच ठेवून मी गाडी काढली आणि अर्धा तास चढून ओढ्यावर गेलो.

पुलाच्या दोन्ही तोंडांना लाल-पांढरी पट्टी बांधलेली होती. मधोमध सिनोवे गुडघ्यांवर बसून फोटो काढत होती. सिनोवे पालिकेची. खोऱ्यातल्या सगळ्या पायवाटांची तपासणी तिच्याकडे. वय पस्तीसच्या आसपास, इथं येऊन दोन वर्षं झालेली. मी पट्टीखालून वाकून आत गेलो आणि विचारलं, मला न विचारता माझा पूल बंद करायचा अधिकार तुला दिला कुणी? कायद्यानं, असं ती शांतपणे म्हणाली, आणि काल दोनदा फोनही केला होता. फोन मी सुतारकामाच्या खोलीत विसरतो, हे खरं आहे.

"प्रवाहाच्या वरच्या अंगाची तुळई मऊ झालीय," ती म्हणाली आणि हातातला टोच्या माझ्यापुढे धरला. "तूच बघ."

मी काठापासून टोचत आलो. लाकूड खणखणीत होतं, टोच्याचं टोकसुद्धा आत शिरेना. मनात म्हटलं, शहरातली पोर, हिला लाकडातलं काय कळतंय. मग मधोमध आलो आणि टोच्या मुठीपर्यंत आत गेला.

तेरा वर्षं. मी चाळीस सांगितली होती. उद्घाटनाला, सगळ्या खोऱ्यासमोर, हातात वाफलची जाळीदार गोड पोळी धरून मी म्हणालो होतो की तुम्ही सगळे चर्चच्या आवारात झोपलेले असाल तेव्हाही हा पूल उभा असेल. माणसानं असं काही बोलू नये. बोललंच तर हातात वाफल धरून तरी बोलू नये, लोक ते कायम लक्षात ठेवतात.

"आणि ही पेटी?" सिनोवेनं विचारलं. "ही इथं कुणी लावली?"

"ती पेटी आहे तिथंच राहील," मी म्हणालो.

पेटी म्हणजे साधी हिरवी टपालपेटी, एका बुटक्या खांबावर बसवलेली. आत वही आणि पेन्सिल. येणारा-जाणारा नाव लिहितो, हवा कशी होती ते लिहितो आणि पुढे जातो. आमच्याकडे प्रत्येक डोंगरावर अशी एक असते. या पेटीवर मात्र बोर्गहिल्डचं नाव आहे. बोर्गहिल्ड माझी बायको, नऊ वर्षांपूर्वी गेली. सिनोवेनं ते नाव वाचलं, माझ्याकडे बघितलं, आणि आपल्या कागदावर काहीतरी टिपून घेतलं. तिनं तेव्हाच ठणकावून बोलायला हवं होतं. पण दोन वर्षांत तीही आमच्यातलीच झाली होती.

माझा राग कशाचा होता ते सांगतो, म्हणजे उगाच म्हातारा चिडका आहे असं वाटायला नको. चिडका आहेच, पण कारण आहे. माझ्या या पुलाआधीचा पूल मंडळानं माझं न ऐकता कारखान्यातल्या औषध भरलेल्या हिरवट लाकडाचा बांधला होता. सोपं, स्वस्त, वर पंचवीस वर्षांची हमी. आठ वर्षांत गेला. कारण ते लाकूड लांबीला बसेना म्हणून जागेवर कापलं, आणि कापलेल्या तोंडाशी औषध कुठलं? तीच कापलेली तोंडं मातीत पुरली. माझे वडील म्हणायचे, वाहतं पाणी पूल मोडतं आणि साचलेलं पाणी पूल खातं. मोडणारं पाणी दिसतं, त्याच्यासाठी आपण तुळया उंच ठेवतो. खाणारं पाणी दिसत नाही.

म्हणून मी सगळं जुन्या पद्धतीनं केलं. इथल्याच पाइनचं गाभ्याचं लाकूड. तुळयांची टोकं मातीत नाहीत, दगडावर, चारी बाजूंनी वारा लागेल अशी. प्रत्येक तुळईच्या पाठीवर पाणी अडवायला भूर्जाच्या सालीची पट्टी, तिच्यावर फळ्या, गाभ्याची बाजू वर, म्हणजे वाळताना फळीची पाठ फुगते आणि पाणी ओघळून जातं. आणि सगळ्यात मोठा नियम: तुळईच्या डोक्यात वरून एकही खिळा नाही, एकही स्क्रू नाही. फळ्या खालून, तुळईच्या बाजूला लावलेल्या लाकडी पट्ट्यांना जोडायच्या. वरून भोक पाडलंत की पाण्याला दार उघडून दिलंत.

हा नियम मी श्रमदानात शंभरदा सांगितला. सांगितला कसला, ओरडलो. आमच्या खोऱ्यात श्रमदानाला आलेल्या माणसाला कुणी बोलत नाही. तो रविवार मोडून आलेला असतो, त्यानं वाकडं काम केलं तरी "छान" म्हणायचं आणि त्याला कॉफी द्यायची. मला ते कधी जमलं नाही. गावच्या दंतवैद्यानं तुळईत वरून दोन खिळे ठोकले तेव्हा मी ते सगळ्यांसमोर उपटले आणि त्याला म्हटलं, तोंडात भोकं पाडतोस तेवढी पुरेत. तो पुन्हा आला नाही, आणि तेव्हापासून माझे दात मी शेजारच्या खोऱ्यात दाखवतो.

आता हा पूल तेरा वर्षांत गेला म्हटल्यावर पुढे काय होणार ते मला ठाऊक होतं. मंडळाची अध्यक्ष ओशिल्ड म्हणणार की एलर्टची, म्हणजे माझी, पद्धत करून बघितली, आता पुन्हा हिरवट लाकूड आणू. आणि माझ्या रानातली तीन पाइनं सरपणात जाणार.

ती तीन पाइनं मी तेरा वर्षांपूर्वी सोलली, पूल बांधला त्याच वसंतात. उभ्या झाडाची साल पट्ट्यापट्ट्यांनी काढायची, मधल्या थोड्या पट्ट्या ठेवायच्या, म्हणजे झाड मरत नाही. जखम भरायला ते राळ सोडत राहतं, वर्षानुवर्षं, आणि सगळं लाकूड राळेनं भरून जातं. असं लाकूड कुजवायचं म्हटलं तरी कुजत नाही. एका पाइनच्या अर्ध्या पट्ट्या बोर्गहिल्डनं सोलल्या. तिनं विचारलं होतं, "नवा पूल चाळीस वर्षं टिकणार आणि पुढच्याची तयारी आत्तापासून? म्हणजे तुझाच तुझ्या पुलावर विश्वास नाही." मी तिला म्हटलं, नातवंडांना होईल. आम्हाला नातवंडं झाली नाहीत. मी आता एकोणसत्तर वर्षांचा आहे. ही पाइनं या पुलात गेली नाहीत तर ती कुठल्याच पुलात जाणार नाहीत, कारण त्यांचं काय करायचं हे माझ्यामागे कुणाला माहीतही नसेल.

ऑक्टोबरात, ओढा गोठायच्या आत, मी आणि गुडमुंड पूल उतरवायला गेलो. गुडमुंड माझा शेजारी. पन्नास वर्षं आमची कुंपणं एकमेकांना लागून आहेत. त्याच्या तोंडून दिवसाला वीस शब्द निघतात, त्यातले दहा कुत्र्यासाठी असतात.

फळ्या काढल्या, पेटी खांबासकट उचलून काठावर ठेवली. मग पहारीनं खालच्या अंगाची तुळई सरकवली. कोरडी, टणक, तेरा वर्षांपूर्वी ठेवली तशी. मधली तुळई, तीच गत. दगडावरची टोकं बघितली. कुठं डागसुद्धा नाही. मग खाल्लं कुणी माझ्या पुलाला?

वरच्या अंगाची तुळई आम्ही उलथून काठावर घेतली आणि मी तिच्यावर वाकलो. दोन्ही टोकांकडून चांगली. मधोमध दोन वितींचा तुकडा तेवढा तपकिरी भुगा. त्या भुग्यात चार भोकं होती, चौकोनात, बोटभर रुंद झालेली.

ती चार भोकं मीच पाडली होती. बोर्गहिल्ड मार्चमध्ये गेली. एप्रिलमध्ये मी पेटी घेऊन एकटाच वर आलो. काठावर खांब पुरायचा म्हटलं तर जमीन गोठलेली, कुदळ उडून अंगावर येत होती. थांबायला मला जमत नव्हतं. ती नेहमी पुलाच्या मधोमध थांबून पाणी बघायची, म्हणून म्हटलं, पेटी तिथंच. कठड्याला लावली असती तर हलली असती, आणि तिची पेटी हलायला नको होती. एक फळी कापली. खालची भूर्जाची साल कापली. खांब थेट तुळईवर ठेवला आणि चार लांब स्क्रू वरून पिळले. उन्हाळ्यात काढून काठावर नेऊ, असं मनात म्हटलं होतं. मग उन्हाळा आला, आणि दुसरा आला, आणि पेटी तिथली झाली. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, म्हणतात ना, ते असं. फक्त हा पाषाण कोरडाही नव्हता.

मी मान वर केली. गुडमुंड थर्मासचं झाकण फिरवत होता आणि ओढ्याकडे बघत होता.

"हे लाकूडच मुळात खराब होतं," मी म्हणालो.

"असेल," गुडमुंड म्हणाला.

तो कुजका तुकडा मी करवतीनं कापला आणि पाठपिशवीत टाकला. गुडमुंडनं का म्हणून विचारलं नाही. चुलीत घालायचा, असं मी ठरवलं होतं.

तो तीन आठवडे चुलीशेजारी पडून राहिला. मी रोज त्याच्याकडे बघायचो आणि चिडायचो. गप्प बसलो तर दोष लाकडावर जाणार, मंडळ हिरवट लाकूड आणणार, पूल आठ वर्षांत पुन्हा कुजणार आणि पाइनं सरपण होणार. बोललो तर लाकूड सुटणार, पण मी जाणार. बावीस वर्षं ज्याला त्याला एकेका खिळ्यासाठी फाडून खाल्लं, त्या दंतवैद्याला जन्माचा दुखावला, आणि पूल खाल्ला तो मीच. शिवाय लोक म्हणणार, बोर्गहिल्डच्या पेटीनं पूल कुजवला. हे मला सगळ्यात जास्त टोचत होतं. तिचा यात काय दोष?

नोव्हेंबरात शाळेच्या सुतारकाम वर्गात मंडळाची बैठक झाली. आठ माणसं, दोन किटल्या कॉफी, ओशिल्डनं आणलेला दालचिनीचा पाव. ओशिल्ड निवृत्त मुख्याध्यापिका, कुणाला लागेल असं वाक्य तिच्या तोंडून निघतच नाही. तिनं अहवाल वाचला. त्यात लिहिलं होतं, नैसर्गिक झीज. मग ती माझ्याकडे न बघता म्हणाली की स्थानिक लाकडाचा प्रयोग फार सुंदर होता, आता मात्र सोयीचा विचार करू. सिनोवे पालिकेकडून आली होती. तिनं आपले पुलाचे फोटो परत पिशवीत घातले.

मी उठलो, पिशवीतून तुकडा काढला आणि पावाशेजारी टेबलावर ठेवला. म्हणालो, झीज नाही. चार स्क्रू. वरून मारलेले. मारणारा मी. लाकडाचा काही दोष नाही, बाकीच्या अडीच तुळया अजून तीस वर्षं टिकल्या असत्या. पूलप्रमुख दुसरा बघा, पण पूल माझ्या पाइनचाच करा.

एवढं बोलायला मला तीन आठवडे लागले होते. वाटलं, आता कुणीतरी काहीतरी म्हणेल. ओशिल्डनं माझ्या कपात कॉफी ओतली.

"आम्हाला माहीत होतं, एलर्ट," ती हळू आवाजात म्हणाली.

"काय माहीत होतं?"

"पेटीचं. सगळ्यांनाच. पहिल्या उन्हाळ्यापासून."

मी एकेकाच्या तोंडाकडे बघितलं. नऊ वर्षं ही माणसं त्या पुलावरून गेली, पेटीशी थांबली, स्क्रू बघितले, आणि घरी जाऊन जेवली. मला काय झालं ते सांगता येत नाही. लाज वाटायची ती राहिली बाजूला, मी असा भडकलो की किटलीचं झाकण वाजलं. विचारलं, तुमच्या जिभा काय दंतवैद्यानं काढल्या होत्या? एका माणसानं, फक्त एकानं, म्हटलं असतं की एलर्ट, मूर्खा, ती पेटी काढ, तर पूल वाचला असता.

"कसं म्हणणार?" ओशिल्ड म्हणाली. "बोर्गहिल्डची पेटी होती."

"आणि तू होतास," दुसरं कुणीतरी म्हणालं.

मग गुडमुंडनं घसा साफ केला. "मी लिहिलं होतं," तो म्हणाला.

"कुठं?"

"पेटीत. वहीत. दरवर्षी." त्यानं पावाचा तुकडा मोडला. "वाटलं, तू वाचत असशील."

मी खाली बसलो. दर शरदात भरलेली वही मीच काढायचो आणि नवी ठेवायचो. जुनी वही घरी नेऊन बोर्गहिल्डच्या कपाटात ठेवायचो, न उघडता. तिच्या नावाच्या वहीत अनोळखी लोकांनी लिहिलेलं "छान ऊन होतं" मला वाचायला नको वाटायचं.

मतदान झालं. पाइनच्या बाजूनं आठही हात वर गेले. पूलप्रमुख व्हायला मात्र एकही हात वर गेला नाही, त्यामुळे मीच राहिलो. सिनोवेचा चेहरा लाल झाला होता. ती म्हणाली, "माझी एक अट आहे. पुलावर पेटी नको. हे मी सप्टेंबरातच सांगायला हवं होतं." मी हो म्हटलं. माझीही अट सांगितली, यापुढे ज्याला जे दिसेल त्यानं ते मला तोंडावर सांगायचं. सगळे आपापल्या कपात बघू लागले. शेवटी मीच हरलो आणि म्हणालो, तोंडावर नाही तर वहीत लिहा. आता मी वाचीन.

दुसऱ्या दिवशी सकाळी कपाट उघडलं. नऊ वह्या. पहिल्याच वहीत गुडमुंडचं अक्षर सापडलं: "१२ जून. चांगली फेरी. पेटीखाली जरा ओलं." पुढच्या वर्षी: "पेटीखाली अजून ओलं." त्याच्या पुढच्या वर्षी: "तेच." ओशिल्डनं लिहिलं होतं की दिवस सुंदर होता आणि खांबाच्या पायाशी गोड हिरवं शेवाळ आलंय. दंतवैद्यानं, तो तिथं कधी गेला देव जाणे, फक्त एक बाण काढला होता, खाली रोखलेला, आणि सही. कुणा जर्मन बाईनं लिहिलं होतं, इथं पाणी मुरतंय, कृपया कुणीतरी बघा. तिच्या वाक्याखाली तीन वेगवेगळ्या पेन्सिलींनी रेघा ओढलेल्या होत्या. मला रडू आलं आणि संतापही आला, दोन्ही बरोबरच. अख्खं खोरं माझ्याशी बोलत होतं, आणि कसं, तर माझ्या मेलेल्या बायकोच्या पेटीतून.

जानेवारीत पाइनं पाडली. करवत चालताना राळेचा वास असा सुटला की गुडमुंडचा कुत्राही शिंकला. मार्चमध्ये बर्फ घट्ट होता तोवर स्नोस्कूटरमागे बांधून तिन्ही तुळया वर ओढल्या आणि जूनमध्ये श्रमदान घेतलं. दंतवैद्य आला. मी त्याची माफी मागितली. तो म्हणाला, त्यात काय एवढं, आणि दिवसभर माझ्यापासून लांब उभा राहिला. सगळ्या दिवसात कुणीही मला एक शब्द सुनावला नाही. ज्याला विचारावं तो म्हणे, छान. मी विचारलं, ही फट बरोबर आहे? छान. हा दगड हलतोय का? नाही नाही, छान. संध्याकाळपर्यंत माझं डोकं भणभणलं. या माणसांना सुधारण्यापेक्षा पाइन सोलणं सोपं. पाइन तेरा वर्षांत का होईना, काहीतरी करतं.

पेटी आता अलीकडच्या काठावर आहे, एका मोठ्या दगडाला लावलेली. तिथून पुलाचा मध्य दिसतो. बोर्गहिल्ड थांबायची ती जागा मोकळी आहे.

पहिल्या रविवारी मी एकटा वर गेलो आणि वही उघडली. दहा-बारा नावं. छान पूल, छान ऊन, छान राळेचा वास. शेवटी गुडमुंडचं अक्षर: "पूल पक्का. या काठाकडून अकरावी फळी उलटी आहे, गाभा खाली. ती तू बसवलीस. मी बघत होतो."

मी मोजत गेलो. अकरावी. वाकून फळीच्या तोंडावरची वलयं बघितली. परत मागे जाऊन पुन्हा मोजली. अकरावीच. गाभा खाली. दोन पावसात मध्ये खोलगट झाली असती आणि पाणी धरून बसली असती, आणि श्रमदानाच्या दिवशी गुडमुंड हातभर अंतरावर फळ्या पुढे करत उभा होता.

खाली गेलो, हत्यारं घेऊन वर आलो, पुलाखाली ओढ्यात गुडघाभर पाण्यात उभा राहून फळी सोडवली, उलटवली आणि पुन्हा जोडली. पाणी बर्फाचं होतं, मी मोठ्यानं शिव्या देत होतो. मग ओल्या हातांनी पेन्सिल घेतली. नऊ वर्षांत बोर्गहिल्डच्या पेटीत मी पहिल्यांदाच काही लिहिलं. त्याच्या ओळीखाली लिहिलं, "उलटवली. पुढच्या वेळी तोंडानं सांग."

पुढच्या रविवारी त्याखाली गुडमुंडचं उत्तर होतं.

"बघू."